स्वगत कोण ऐकतंय? नाटकातला प्रवेश आणि सिनेमातला प्रवेश शेजारी ठेवून वाचताना

जळगाव-धुळ्याकडे एकांकिका करणारी नवी मुलं हल्ली बहुतेक वेळा आधी सिनेमा बघतात आणि मग नाटकाचं पुस्तक हातात घेतात. त्यात गैर काही नाही. पण पुस्तक उघडलं की पहिला प्रश्न येतो, 'सिनेमात नाटक जसंच्या तसं घेतलंय का?' उत्तर बहुतेक वेळा ठरलेलं आहे : नाही घेतलं. चार तासांचं नाटक दोन-अडीच तासांत बसवायचं तर कात्री लागणारच. एवढं कळल्यावर प्रश्न तिथंच संपतो आणि नटाच्या किंवा दिग्दर्शकाच्या पदरात काही पडत नाही.

आमच्या नाट्यवाचनाच्या गटात शिरपूरकडच्या एका मुलानं हॅम्लेटचं स्वगत ऐकून सरळ विचारलं होतं, "पन तो कोनले सांगी ऱ्हायना?" कोणाला सांगतोय तो? नाटकातला आणि सिनेमातला प्रवेश शेजारी ठेवून वाचायला यापेक्षा चांगली सुरुवात मला माहीत नाही. पुढे जे सांगतोय ते सगळं याच प्रश्नाच्या आधारानं.

प्रवेश कोणता घ्यायचा

सगळं नाटक तुलनेला घेऊ नका. एकच प्रवेश घ्या, आणि असा घ्या ज्याचे निदान तीन-चार सिनेमे झालेत. शेक्सपिअरच्या 'हॅम्लेट'मधला तिसऱ्या अंकाचा पहिला प्रवेश नवख्यांसाठी मला सर्वांत सोयीचा वाटतो. 'टू बी ऑर नॉट टू बी', म्हणजे 'जगावं की न जगावं', हे स्वगत याच प्रवेशात आहे. लॉरेन्स ऑलिव्हिएचा १९४८ चा सिनेमा, ग्रिगोरी कोझिन्त्सेव्हचा १९६४ चा रशियन सिनेमा, फ्रँको झेफिरेल्लीचा १९९० चा, केनेथ ब्रॅनाचा १९९६ चा, मायकेल अल्मेरेडाचा २००० चा आणि आपल्याकडचा विशाल भारद्वाजचा २०१४ चा 'हैदर', असे सहा दिग्दर्शक याच जागेवर येऊन सहा वेगळ्या वाटांनी गेले आहेत.

दुसरं कारण घरचं आहे. 'जगावं की मरावं' हे शब्द मराठी माणसाच्या कानात आधीपासून आहेत. १९७० साली रंगभूमीवर आलेल्या 'नटसम्राट'मध्ये वि. वा. शिरवाडकरांनी ते गणपतराव बेलवलकरांच्या तोंडी घातले, श्रीराम लागूंनी ते रंगमंचावर गाजवले, २०१६ च्या सिनेमात नाना पाटेकरांनी. स्पर्धेच्या निवडचाचणीला येणारा दर दुसरा मुलगा तेच पाठ करून येतो. मात्र इथं एक सावधगिरी हवी. बेलवलकरांच्या स्वगतात पोटची मुलं आहेत, विधाता आहे, म्हातारपणी झालेली हेळसांड आहे. ते एका जखमी बापाचं बोलणं आहे. हॅम्लेटचं स्वगत वाचायला बसताना तो आवाज थोडा वेळ बाजूला ठेवा, नाहीतर पानावर नसलेली गोष्ट तुम्हाला पानावर दिसायला लागेल.

आधी पुस्तक, आणि पुस्तक कोणतं

संहिता हातात असल्याशिवाय सिनेमा लावू नका. शेक्सपिअरवर कोणाचा हक्क उरलेला नाही, त्यामुळे इंग्रजी संहिता फुकट मिळते. फक्त ओळींना क्रमांक दिलेली प्रत घ्या, म्हणजे चर्चा करताना 'ती मधली ओळ' असं म्हणत बसावं लागत नाही. मराठीत वाचायचं असेल तर आगरकरांचं 'विकारविलसित' (१८८३) आहे. भाषा जुनी आहे, वेळ लागेल. पण याच रूपातला चंद्रसेन, म्हणजे हॅम्लेट, गणपतराव जोशींनी गाजवला होता, हे डोक्यात ठेवून मोठ्यानं वाचलंत तर वाक्यांचा डौल लगेच सापडतो. आजच्या बोलीला जवळचं हवं असेल तर नाना जोगांचा अनुवाद बघा. जळगावच्या व. वा. वाचनालयात किंवा धुळ्याच्या गरुड वाचनालयात चौकशी करा, नाहीतर कॉलेजातल्या इंग्रजीच्या सरांना गाठा.

प्रती वेगवेगळ्या असतात, हेही सुरुवातीलाच माहीत असावं. 'हॅम्लेट' १६०३ मध्ये छापलं गेलं, मग १६०४-०५ मध्ये बरंच मोठं होऊन पुन्हा आलं आणि शेक्सपिअरच्या नाटकांच्या १६२३ च्या संग्रहात तिसऱ्यांदा. १६०३ च्या प्रतीत हे स्वगत आणि त्यामागून येणारी ऑफिलियाची, म्हणजे हॅम्लेटच्या प्रेयसीची, भेट, दोन्ही बरंच आधी येतात, नाटकमंडळी राजवाड्यात पोचण्याच्याही आधी. नंतरच्या दोन्ही प्रतींत ते पुढे गेलं. याचा फरक किती पडतो बघा. आपण नेहमी वाचतो त्या क्रमात हॅम्लेटनं आदल्याच प्रवेशाच्या शेवटी ठरवलेलं असतं की बापाचा खून करून गादी बळकावल्याचा ज्याच्यावर संशय आहे त्या राजाला, आपल्या काकाला, नाटक करवून पकडायचं. बेत पक्का झालाय, अंगात जोर आलाय, आणि पुढच्याच प्रवेशात तो जगावं की नाही या विचारात बुडालेला दिसतो. १६०३ च्या क्रमात आधी बुडणं आणि मग बेत, म्हणजे सरळ चढती कमान. तेव्हा सिनेमावाल्यानं स्वगताची जागा हलवली म्हणून लगेच नाक मुरडू नका. ती जागा छापील इतिहासातच हललेली आहे.

कागदावर तीन रकाने

आता खरं काम. एक मोठा कागद घ्या आणि तीन रकाने पाडा : कोण बोलतंय, मंचावर आणखी कोण आहे, आणि हे बोलणं कोणाच्या कानावर जातंय. तिसरा रकाना सर्वांत महत्त्वाचा आणि नवखी माणसं नेमका तोच कोरा ठेवतात.

प्रवेश उघडतो तेव्हा हॅम्लेट नाहीच. राजा क्लॉडियस, हॅम्लेटची आई राणी गर्ट्रूड, राजाचा सल्लागार पोलोनियस, त्याची मुलगी ऑफिलिया आणि हॅम्लेटचे दोन मित्र रोझेनक्रँट्झ व गिल्डनस्टर्न आहेत. मित्र हेरगिरीचा अहवाल देतात, तो जेमतेमच असतो. ते जातात. राजा राणीला आत पाठवतो. पोलोनियस मुलीच्या हातात प्रार्थनेचं पुस्तक देऊन तिला तिथं फिरत राहायला सांगतो, म्हणजे ती एकटी आहे याचं कारण दिसेल. देवभक्तीचा मुलामा देऊन माणसं सैतानालाही गोड करतात, असं तो सहज बोलून जातो.

या वाक्यापाशी पेन्सिल थांबवा. ते ऐकून राजा आपल्याशीच चार-पाच ओळी बोलतो. त्या बोलण्याचा चाबूक माझ्या मनावर बसला, म्हणतो. रंग थापलेल्या गालामागचा वेश्येचा चेहरा जितका कुरूप, त्याहून माझी करणी माझ्या रंगवलेल्या शब्दांमागे कुरूप आहे, म्हणतो. तिसऱ्या रकान्यात काय लिहाल? शेजारी उभा असलेला पोलोनियस ऐकत नाही, ऑफिलिया ऐकत नाही. ऐकतो फक्त प्रेक्षक. आणि राजाच्या स्वतःच्या तोंडून गुन्ह्याची कबुली प्रेक्षकाला पहिल्यांदा इथं मिळते, हॅम्लेटच्या स्वगताच्या अगदी आधी. हॅम्लेट पुराव्याच्या शोधात आहे. पुरावा आपल्याला मिळालाय, त्याला नाही. ही अस्वस्थता घेऊन आपण त्याचं स्वगत ऐकतो. सिनेमा बघताना या चार-पाच ओळी आहेत की गेल्या, हे सर्वांत आधी तपासा. त्या गेल्या असतील तर पुढचं स्वगत शब्दानं तेच राहूनही वेगळं ऐकू येतं.

मग राजा आणि पोलोनियस लपतात, हॅम्लेट येतो. ऑफिलिया मंचावरच आहे, हे विसरू नका. स्वगत संपताना त्याची नजर तिच्याकडे जाते आणि तो तिला म्हणतो, तुझ्या प्रार्थनेत माझ्या पापांची आठवण असू दे. म्हणजे ज्याला आपण एकांतातलं बोलणं समजतो, ते तीन माणसांच्या आसपास चाललंय.

ती ऐकतात का? नाटकाचा रिवाज असा की स्वगत दुसऱ्या पात्राला ऐकू जात नाही. पण याच प्रवेशाच्या शेवटी पोलोनियस मुलीला सांगतो की हॅम्लेट काय म्हणाला ते तू सांगायला नको, आम्ही सगळं ऐकलंय. 'सगळं' म्हणजे फक्त तिच्याशी झालेलं बोलणं, की त्याआधीचं स्वगतसुद्धा? संहिता गप्प आहे. शेक्सपिअरच्या छापील प्रतींत रंगसूचना मुळातच थोड्या असतात, बऱ्याचदा 'येतो' आणि 'जातो' एवढ्याच. ही मोकळी जागा दिग्दर्शकाला भरावी लागते, आणि आपल्याला नेमकी तीच बघायची आहे.

स्वगत मोठ्यानं वाचा

साधारण ३३ ओळी आहेत. मनात वाचून भागणार नाही, गटात फिरवून मोठ्यानं वाचा. वाचताना एका माणसानं 'मी', 'माझं', 'मला' किती वेळा येतं ते मोजावं. मूळ इंग्रजीत ऑफिलियाकडे वळेपर्यंत ते एकदाही येत नाही. येतं ते 'आपण', 'आपल्याला'. बापाचा खून नाही, काका नाही, आई नाही, सूडाचा शब्द नाही. अन्याय करणारा जुलमी, गर्विष्ठाचा अपमान, झिडकारलेलं प्रेम, न्यायाला होणारा उशीर, हुद्द्यावरच्या माणसाचा उर्मटपणा : ही यादी कोणाच्याही आयुष्यातली आहे, तालुक्याच्या कचेरीत सातबाऱ्यासाठी खेटे घालणाऱ्याच्याही. त्यातच तो म्हणतो की मरणाच्या मुलखातून कोणी परत आलेलं नाही. पहिल्या अंकात बापाचं भूत डोळ्यांनी बघितलेला माणूस हे म्हणतो. वाचकानं इथं अडखळायला हवं, आणि नटानंही.

हे माहीत झालं की सिनेमातल्या नटाचं काम तुम्ही वेगळ्या नजरेनं बघता. तो हे बोलणं स्वतःची कैफियत म्हणून करतोय की माणसांबद्दलचा विचार म्हणून? दोन्ही करता येतं. पण निवड झाली की ती पकडता आली पाहिजे.

आता सिनेमा : आधी सलग, मग तुकड्यातुकड्यानं

पहिल्यांदा फक्त तो प्रवेश सलग बघा, वही मिटून. दुसऱ्यांदा संहितेची छापील प्रत मांडीवर घेऊन थांबत थांबत बघा. गाळलेल्या ओळींना कंस करा, हलवलेल्या ओळींना बाण काढा, नव्या घातलेल्या समासात लिहा. तिसऱ्यांदा आवाज बंद करून बघा. चौथ्यांदा डोळे मिटून नुसतं ऐका. आवाज बंद केल्यावर कॅमेरा कुठं उभा आहे हे कळतं. डोळे मिटल्यावर शब्द ओठांतून येतायत की डोक्यातून, हे कळतं.

खालच्या मराठी किंवा इंग्रजी पट्टीवर भरवसा ठेवू नका. पट्टी लिहिणाऱ्याला जागा कमी असते, तो वाक्यं आखडतो. पट्टीत शब्द दिसला नाही म्हणून सिनेमातून गेला, असं लिहिणारे पुष्कळ भेटतात.

ऑलिव्हिएपासून सुरुवात करा. कृष्णधवल सिनेमा आहे, ऑस्करचं सर्वोत्तम चित्रपटाचं पारितोषिक मिळवणारा पहिला ब्रिटिश सिनेमा. रोझेनक्रँट्झ आणि गिल्डनस्टर्न त्यानं पूर्ण उडवले आहेत, म्हणजे प्रवेशाचा पहिला भाग आपोआप गेला. मोठा बदल क्रमाचा आहे. आधी ऑफिलियाची भेट, तिच्यावरचं ओरडणं, तिचं पायऱ्यांवर कोसळून रडणं. मग कॅमेरा जिन्याजिन्यानं वर चढत किल्ल्याच्या माथ्यावर येतो आणि तिथं, खाली समुद्र उसळत असताना, हॅम्लेट एकटा आहे. काही ओळी तो बोलतो, काही मिटल्या ओठांनी मनात चालतात. हातात कट्यार आहे, ती निसटून समुद्रात पडते.

आता तीन रकान्यांचा कागद पुढे घ्या. नाटकात विचार आधी आणि ऑफिलिया नंतर. विचारातून शांत झालेला माणूस तिच्याकडे वळतो आणि बघता बघता तिच्यावर तुटून पडतो, म्हणून तिचा अपमान आपल्याला अनपेक्षित आणि जास्त क्रूर वाटतो. ऑलिव्हिएकडे तुटून पडणं आधी, विचार नंतर. त्यामुळे स्वगत त्या भांडणाचा परिणाम वाटायला लागतं, प्रेमात पोळलेला माणूस वर जाऊन जीव देण्याचा विचार करतोय असं. शब्द तेच. आणि ऐकणारं कोणी नाही, म्हणून ऑफिलियाला उद्देशून असलेल्या शेवटच्या शब्दांना तिथं जागाच उरत नाही. एका क्रमानं एवढं सगळं बदलतं. हे तुम्ही चार वाक्यांत लिहू शकलात तर तुमची तुलना जमली.

झेफिरेल्लीनंही स्वगत भेटीनंतर नेलं, पण माथ्यावर नाही, तळघरात. मेल गिब्सनचा हॅम्लेट राजघराण्याच्या दफनघरात, बापाच्या शवपेटीच्या सान्निध्यात बोलतो. जिवंत माणसांपैकी कोणी ऐकत नाही. परत न येणाऱ्या प्रवाशाची ओळ मृतांच्या मधोमध उभं राहून उच्चारली की तिचा अर्थ दाखवायला वेगळं काही करावं लागत नाही. झेफिरेल्लीनं ऑफिलियाला मठात जा म्हणण्याचा भागही तिथून उचलून पुढे नाटकातल्या नाटकाच्या रात्रीकडे नेला आहे. म्हणून एकाच प्रवेशापाशी थांबू नका. हरवलेली ओळ पुढे कुठं सापडते का, ते बघत चला.

कोझिन्त्सेव्ह मला स्वतःला सर्वांत आवडतो, हे मोकळेपणानं सांगतो. बोरिस पास्तरनाकचा रशियन अनुवाद, दिमित्री शोस्ताकोविचचं संगीत आणि इनोकेंती स्मोक्तुनोव्स्कीचा हॅम्लेट. तो समुद्राकाठच्या खडकांतून चालतोय, ओठ हलत नाहीत, आवाज आतून येतोय. राजवाड्यात भिंतींनाही कान आहेत, हे हा सिनेमा आधीपासून दाखवत आलेला आहे. तेव्हा माणसानं विचार करायचा तर बाहेर येऊन, आणि तोंड मिटून. इथं 'कोण ऐकतंय' या प्रश्नाचं उत्तर 'कोणालाच ऐकू जाता कामा नये' असं आहे, आणि मनातला आवाज वापरायला त्याहून सबळ कारण मला दुसऱ्या कुठल्या रूपात सापडलेलं नाही. रशियन कळत नसलं तरी आवाज बंद-चालू करण्याचा प्रयोग या तुकड्यावर जरूर करा.

ब्रॅना बरोबर उलट्या टोकाला. सुमारे चार तासांचा सिनेमा, नाटकाची जवळजवळ पूर्ण संहिता घेतलेली, काळ एकोणिसाव्या शतकाचा. म्हणजे इथं गाळलेलं शोधण्यात वेळ जाणार नाही, सगळं लक्ष मांडणीवर देता येतं. आरशांच्या दरबारात हॅम्लेट आपल्या प्रतिबिंबापुढे उभा राहून हळू आवाजात बोलतो. त्याच आरशामागे राजा आणि पोलोनियस आहेत. त्यांना तो दिसतो, त्याला ते दिसत नाहीत. साध्या सुरीनं स्वतःचा निकाल लावता येईल या अर्थाच्या ओळीला तो खंजीर काढून आरशावर रोखतो, आणि पलीकडे राजा दचकतो. नाटकाच्या पानावर स्वतःच्या जिवाबद्दल असलेली ओळ एका क्षणात राजाच्या जिवावर रोखली गेली. शब्द एकही बदललेला नाही. 'आम्ही सगळं ऐकलंय' हे पोलोनियसचं वाक्य ब्रॅनानं पूर्ण अर्थानं घेतलं, असं मी म्हणेन. हा तुकडा थांबवून, मागे-पुढे करून बघा. कॅमेरा कोणाच्या बाजूनं आहे, आरशाच्या अलीकडे की पलीकडे, हे दर चौकटीला लिहून ठेवा.

अल्मेरेडाबद्दल थोडक्यात. न्यूयॉर्कमधला २००० सालातला हॅम्लेट, ईथन हॉक, सिनेमांच्या कॅसेट भाड्यानं देणाऱ्या दुकानात मांडण्यांमधून फिरतोय आणि वर पाट्या आहेत 'ॲक्शन'च्या. विचारानं कृती मावळते असं म्हणणाऱ्या माणसाच्या डोक्यावर ती पाटी. कल्पना एका नजरेत कळते, म्हणून नवख्यांना फार आवडते. तिच्यावर पानं भरण्याची मात्र गरज नाही.

'हैदर'साठी वेगळा कागद

'हैदर'ची संहिता वेगळी आहे. बशारत पीर आणि विशाल भारद्वाज यांनी काश्मीरमधल्या १९९५ च्या काळात ही गोष्ट नेली. त्यामुळे ओळीला ओळ लावायला जाऊ नका. इथं स्वगत फुटून दोन जागी गेलंय, ते शोधा. एक भाग 'मैं रहूं कि मैं नहीं' म्हणत अर्शियापाशी येतो, म्हणजे ऑफिलिया इथं खरोखरच ऐकणारी होते. दुसरा लाल चौकात : डोकं भादरलेला, गळ्यात दोरखंड अडकवलेला हैदर जमलेल्या माणसांपुढे 'हम हैं कि हम नहीं' असं विचारतो.

मघाशी मोजलेले 'मी' आणि 'आपण' इथं आठवा. शेक्सपिअरचं 'आपण' चौकात आल्यावर 'हम' झालं, आणि ऐकणारी गर्दी त्या 'हम'मध्ये सामील आहे. स्वगत इथं जाहीर बोलणं होतं. काहींना हे नाटकापासून फार दूर गेल्यासारखं वाटतं. मला ते शेक्सपिअरच्या रंगमंचाच्या जवळ आल्यासारखं वाटतं. त्याच्या ग्लोब नाट्यगृहात खेळ भर दुपारी, उघड्या आकाशाखाली होई आणि मंचाच्या तीन बाजूंना माणसं उभी असत. नटाला प्रेक्षकांचे चेहरे दिसत. सारंगखेड्याच्या जत्रेत तमाशाच्या कनातीत बसलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. सोंगाड्या पुढच्या माणसाकडे बघून बोलतो, आणि ते बोलणं सोबतच्या पात्राला ऐकू गेलं नाही हे सगळा तंबू मान्य करतो. कॅमेऱ्यापुढे प्रेक्षक नसतो, म्हणून सिनेमावाल्याला समुद्र, तळघर, आरसा, दुकान असं काहीतरी शोधावं लागतं. भारद्वाजनं प्रेक्षकच चित्रात आणून उभा केला.

लिहायला बसल्यावर

'नाटकात स्वगत राजवाड्यात आहे, सिनेमात समुद्रावर आहे.' हे वाक्य बरोबर आहे आणि निरुपयोगी आहे. त्याला 'म्हणून' जोडा. 'सिनेमात स्वगत ऑफिलियाच्या भेटीनंतर आणि समुद्रावर आहे, म्हणून लपून ऐकणारे नाहीसे झाले आणि हॅम्लेटचा विचार प्रेमभंगातून आल्यासारखा दिसतो.' आता वाचकाला वाद घालता येईल. प्रत्येक फरकाला असा एक 'म्हणून' सापडेपर्यंत तो फरक वहीतच राहू द्या. वीस फरकांची यादी देण्यापेक्षा दोन फरक तळापर्यंत नेलेले बरे.

पुस्तक श्रेष्ठ की सिनेमा, हा निकाल लेखात देऊ नका. आवडनिवड जरूर सांगा, कारणासकट सांगा. ओळींचे क्रमांक आणि सिनेमातली मिनिटं नोंदवा, म्हणजे दुसऱ्याला तपासता येईल. आणि दिग्दर्शकाच्या मनात काय होतं ते ठामपणे सांगायला जाऊ नका. पडद्यावर काय आहे आणि त्याचा तुमच्यावर काय परिणाम झाला, तेवढं नक्की सांगता येतं.

करून बघायचं असेल तर

राज्य नाट्य स्पर्धेची तालीम करणाऱ्यांनी तरी हा भाग सोडू नये. स्वगताच्या पहिल्या सात-आठ ओळी मराठीत पाठ करा आणि मोबाइलवर तीन वेळा चित्रित करा. एकदा ऐकणारं कोणी नाही. एकदा दाराआड माणूस उभा आहे आणि बोलणाऱ्याला ते माहीत नाही. एकदा तो आहे आणि बोलणाऱ्याला माहीत आहे. शब्द तेच ठेवा. तिसऱ्या वेळेला आवाज कुठं चढतो, कुठं मुद्दाम थांबतो, हे नटाला आपोआप सापडतं.

जागा आपल्याकडे उत्तम आहेत. मेहरूण तलावाचा काठ, पारोळ्याचा भुईकोट, धुळ्याजवळचा लळिंग. फक्त उघड्यावर वाऱ्याचा आवाज मोबाइलमध्ये शब्द खाऊन टाकतो. मनातला आवाज हवा असेल तर तो वेगळा ध्वनिमुद्रित करा : खोलीचा पंखा बंद, खिडक्या बंद, भिंतीला गोधड्या लावलेल्या. उन्हाळ्यात हे काम पहाटे उरका, नाहीतर नट घामानं बेजार आणि खालून केळीचे ट्रक. चित्रीकरण सकाळी साडेआठच्या आत किंवा संध्याकाळी. मे महिन्यातल्या आपल्या दुपारच्या उजेडात चेहऱ्यावर डोळ्यांच्या जागी नुसत्या काळ्या खोबणी दिसतात.

एक माणूस फक्त ऐकणाऱ्याचं चित्रण करायला ठेवा. बोलणाऱ्यावरचा कॅमेरा आणि ऐकणाऱ्यावरचा कॅमेरा, दोन्ही तुकडे झाले की ते आलटून पालटून जोडून बघा. कोणत्या शब्दाला ऐकणारा दाखवायचा, यावर गटात खरी भांडणं होतात, आणि ती व्हायलाच हवीत.

हा प्रवेश पुरेसा झाला की 'मॅकबेथ'मधली मेजवानी घ्या. तिसऱ्याच अंकात आहे, आणि मराठीत शिरवाडकरांचं 'राजमुकुट' (१९५४) सोबतीला आहे. १६२३ च्या प्रतीत सूचना स्पष्ट आहे की मॅकबेथनं मारवलेल्या बँकोचं भूत येतं आणि मॅकबेथच्या जागेवर बसतं. जेवायला बसलेल्यांपैकी मॅकबेथशिवाय ते कोणालाच दिसत नाही. अकिरा कुरोसावाच्या १९५७ च्या जपानी रूपात आणि रोमन पोलान्स्कीच्या १९७१ च्या सिनेमात ते आपल्यालाही दिसतं. तिथं तिसऱ्या रकान्याचं नाव बदलून 'कोणाला दिसतंय' असं लिहा आणि पहिल्या ओळीपासून सुरू करा.